गेम यादीतून लपवून नेमकं काय मिळतं?



"सर, कॉम्प्युटरमध्ये टाकलेला गेम प्रोग्रॅम्सच्या यादीत दिसू नये अशी काहीतरी ट्रिक सांगा ना." ही फर्माईश इतक्यांदा झालीय की आता एकदा नीट लिहूनच टाकतो. ह्यावर व्हिडिओ मी बनवणार नाही. ट्रिक येत नाही म्हणून नाही, ट्रिक दोन मिनिटांची आहे आणि ती कशी चालते तेही खाली सांगणार आहे. पण व्हिडिओ बनवला की लोक फक्त क्लिक कुठे करायचं तेवढंच बघतात आणि पुढे जातात. मला जे सांगायचंय ते क्लिकच्या पलीकडचं आहे.

आधी हे बघू की ही यादी म्हणजे काय. कंट्रोल पॅनेलमधलं "प्रोग्रॅम्स अँड फीचर्स" घ्या किंवा विंडोज ११ मध्ये सेटिंग्जमधलं "इन्स्टॉल्ड ॲप्स" घ्या. आपल्याला वाटतं, विंडोज आख्खी डिस्क तपासून सांगतं की इथे हे हे प्रोग्रॅम आहेत. तसं काही नसतं. कुठलाही प्रोग्रॅम इन्स्टॉल होताना तो रजिस्ट्रीत एक नोंद करतो. एचकी लोकल मशीन, त्यात सॉफ्टवेअर, मायक्रोसॉफ्ट, विंडोज, करंट व्हर्जन आणि शेवटी अनइन्स्टॉल, ह्या फोल्डरसारख्या रचनेत प्रत्येक प्रोग्रॅमची एक चिठ्ठी असते. चिठ्ठीवर त्याचं दाखवायचं नाव असतं, कंपनीचं नाव, तारीख, आणि काढायचा असेल तर कुठली फाइल चालवायची तो पत्ता. ३२-बिट प्रोग्रॅमच्या चिठ्ठ्या थोड्या बाजूच्या खणात असतात, आणि एकाच युजरपुरते टाकलेले प्रोग्रॅम त्या युजरच्या खणात. यादी म्हणजे ह्या चिठ्ठ्यांचं वाचन. (विंडोज स्टोअरवरून आलेल्या ॲप्सचा हिशोब वेगळा असतो, तो इथे सोडून देतो.)

दुकानदाराच्या भाषेत सांगायचं तर ही यादी म्हणजे स्टॉक रजिस्टर. गोदाम नव्हे. रजिस्टरमधून एक ओळ खोडली म्हणून गोदामातलं पोतं हवेत विरत नाही. जागा ते अडवतंच, आणि उंदीर लागले तर तेही त्यालाच लागतात.

लपवायची ट्रिक म्हणजे ती ओळ खोडणं, बस. त्या चिठ्ठीत "सिस्टम कम्पोनंट" नावाची एक किंमत टाकायची आणि ती १ करायची, की विंडोज समजतं हा एखाद्या मोठ्या सॉफ्टवेअरचा आतला भाग आहे, युजरला दाखवायची गरज नाही. ही सोय मायक्रोसॉफ्टने गेम लपवायला दिलेली नाही. एखादं मोठं सॉफ्टवेअर दहा तुकड्यांत इन्स्टॉल होतं, त्यातला एखादा तुकडा कोणी चुकून काढला तर सगळंच बंद पडेल, म्हणून तुकडे झाकायचे आणि एकच नाव दाखवायचं, ह्यासाठी ती आहे. काही जण चिठ्ठीवरचं नावच पुसतात, नाव नसेल तर ओळ दिसत नाही. काही जण त्याहून पुढचे. मी एका ठिकाणी यादीत "प्रिंटर ड्रायव्हर" पाहिला आणि त्याचा आकार बघितला तर कित्येक जीबी. एवढा मोठा ड्रायव्हर म्हणजे त्या प्रिंटरने नोटाच छापायला हव्या होत्या.

आणि काही बहाद्दर आख्खी चिठ्ठीच डिलीट करतात. हा सगळ्यात वाईट प्रकार. कारण मग गेम डिस्कवर तसाच राहतो आणि त्याला काढायचा सरळ रस्ता मात्र जातो. उद्या स्वतःलाच काढायचा झाला तरी फोल्डर शोधत बसा.

आता हे मागणारे कोण असतात, तर तीन प्रकारचे. एक, नोकरी करणारा, ज्याला शेठपासून लपवायचं असतं. दुसरा, स्वतः शेठ! हो, हसू नका. दुपारी दोन ते चार गिऱ्हाईक नसतं, शेठ जरा पत्ते लावतात, आणि स्टाफला ते कळू नये असं त्यांना वाटतं. तिसरा, घरातला. दुकान आणि घर एकाच कॉम्प्युटरवर चालतं अशी आपल्याकडे हजारो ठिकाणं आहेत, तिथे मुलगा बापापासून लपवतो नाहीतर बाप मुलापासून.

लपवाछपवी जुनीच आहे म्हणा. सॉलिटेअर १९९० मध्ये विंडोज ३.० बरोबर आला, तो लिहिला होता मायक्रोसॉफ्टमधल्या एका इंटर्नने, वेस चेरी त्याचं नाव. त्याने त्यात "बॉस की" सुद्धा ठेवली होती, म्हणजे साहेब आले की एक बटण दाबायचं आणि स्क्रीनवर बनावट एक्सेल शीट. मायक्रोसॉफ्टने ती काढायला लावली, गेम मात्र ठेवला. मग १९९२ मध्ये विंडोज ३.१ बरोबर माइनस्वीपर आला. पुढची वीस वर्षं जगातल्या प्रत्येक ऑफिसच्या कॉम्प्युटरवर गेम कंपनीनेच टाकून दिलेले होते. २०१२ च्या विंडोज ८ मध्ये ते काढले, आणि विंडोज १० मध्ये सॉलिटेअर परत आला, ह्यावेळी जाहिराती घेऊन.

२००६ ची एक गोष्ट आहे न्यूयॉर्कची. तिथले महापौर मायकल ब्लूमबर्ग शहराच्या अल्बानीमधल्या कार्यालयात गेले, एका कर्मचाऱ्याच्या स्क्रीनवर सॉलिटेअर दिसला, आणि त्याला कामावरून काढलं. ती बातमी तेव्हा खूप गाजली. एका उघड्या विंडोवरून माणसाची नोकरी जावी हे मला पटत नाही, त्याचं काम कसं होतं ते आधी बघायला हवं होतं. पण मुद्दा वेगळा आहे. ब्लूमबर्ग यांनी प्रोग्रॅम्सची यादी उघडून बघितली नव्हती. त्यांना स्क्रीन दिसली. गेम पकडला जातो तो असाच, खेळताना. यादीतून लपवून तुम्ही त्या दारावर कुलूप लावताय ज्या दाराने कोणी येतच नाही.

बरं, यादी बघणारा कोणी असलाच तर तो कॉम्प्युटरवाला असतो, आणि त्याच्यापासून काहीही लपत नाही. तो रजिस्ट्री उघडतो, तिथे सगळ्या चिठ्ठ्या दिसतात, सिस्टम कम्पोनंटचा १ तर उलट ओरडून सांगतो की इथे कोणीतरी हात मारलाय. तो सी ड्राइव्हचे फोल्डर आकाराप्रमाणे लावतो. टास्क मॅनेजरमधला स्टार्टअप टॅब बघतो. विंडोज फोल्डरमधल्या प्रीफेचमध्ये अलीकडे चालवलेल्या प्रोग्रॅमची नावं सापडतात. व्हॅलोरंटसारखा गेम असेल तर विचारूच नका, त्याच्याबरोबर व्हॅनगार्ड नावाचं अँटी-चीट येतं, ते यादीत स्वतंत्र नावाने दिसतं, घड्याळाशेजारी त्याचं चिन्ह बसतं, आणि कॉम्प्युटर सुरू होतानाच ते विंडोजच्या गाभ्यात लोड होतं. गेम लपवला आणि राखणदार दारात उभा!

उलट, ज्या गेमची खरी भीती बाळगायला हवी ते त्या यादीत कधी नसतातच. व्हाइस सिटीची कोणाकडून तरी पेनड्राइव्हवर आणलेली कॉपी, फोल्डर कॉपी केलं की चालू. इन्स्टॉलच झालं नाही तर चिठ्ठी कुठून येणार? ब्राउझरमध्ये चालणारे गेम तर ह्या यादीत नोंदलेच जात नाहीत. म्हणजे मालकाने यादी बघून "आपल्याकडे गेम नाहीत" म्हणणं जेवढं पोकळ, तेवढंच नोकराने यादीतून काढून "आता सुटलो" म्हणणं.

आणि खरं सांगू का, ज्याला खेळायचंय त्याच्या खिशात फोन आहे. लुडो किंग आपल्या नवी मुंबईतल्या कंपनीने बनवलाय, २०१६ चा आहे तो, त्याला तुमच्या काउंटरवरच्या कॉम्प्युटरची गरज नाही.

मग मी एवढा कशासाठी लिहितोय? कारण लपवल्याने नुकसान होतं आणि ते भलत्याचंच होतं. एक ठिकाण सांगतो, गावाचं नाव राहू द्या. होलसेलचं दुकान. ऑफिसमध्ये एकच कॉम्प्युटर, त्यावर टॅली, जीएसटी, बँक सगळं. चार वर्षांपासून एक ताई अकाउंट बघतात. महिन्याची अकरा तारीख जवळ आली की जीएसटीआर-१ ची घाई, आणि नेमका तेव्हाच कॉम्प्युटर रडायला लागायचा. सी ड्राइव्ह लाल. शेठना संशय आला की ताई पिक्चर वगैरे डाउनलोड करत असणार. त्यांनी स्वतः यादी उघडून बघितली, त्यात काही नाही. आता साधा माणूस काय म्हणेल, काही नाही म्हणजे कोणाचा दोष नाही. पण संशय एकदा डोक्यात बसला की तो उलटा चालतो. शेठ म्हणाले, "हिने काहीतरी टाकलं आणि पुसलं सुद्धा. हुशार आहे." तोंडावर काही बोलले नाहीत, पण ताईंच्या जागी दुसरं कोणी मिळतंय का हे बघायला सुरुवात झाली होती. मला बोलावलं होतं ते "नवीन मुलीला टॅली शिकवाल का" हे विचारायला.

मी म्हटलं आधी मशीन बघू. फोल्डर आकाराने लावले तर एकच फोल्डर साठ जीबीच्या वर. रजिस्ट्रीत गेलो, चिठ्ठी जागेवर, सिस्टम कम्पोनंट १. फोल्डर तयार झाल्याची तारीख दिवाळीतल्या पाडव्याची, रात्री साडेअकरा. दुकान बंद, ताई आपल्या गावी. कॉम्प्युटरचा पासवर्ड तीन जणांना माहीत, शेठ, ताई आणि शेठचे चिरंजीव, वय सतरा. त्या पोराने काही ताईंना अडकवायचं म्हणून केलं नव्हतं. बाप ओरडेल म्हणून नाव झाकलं, एवढंच. पण एकाच लॉगिनवर तीन माणसं बसत असतील तर एकाने झाकलेलं दुसऱ्याच्या नावावर उघडतं. आणि आपल्याकडे ते बहुतेक वेळा पगार घेणाऱ्याच्या नावावर उघडतं, घरच्यांच्या नाही.

हे इथे संपलं असतं तर बरं होतं. पण त्या साठ जीबीमुळे टॅलीचा रोजचा बॅकअप जागा नाही म्हणून कित्येक आठवडे झालाच नव्हता. मेसेज येत होता, ताई तो बंद करत होत्या, त्यांनी शेठना दोनदा सांगितलंही होतं की "जागा नाही म्हणतोय". शेठनी यादी बघितली, यादीत काही दिसलं नाही, विषय संपला. त्या आठवड्यांत डिस्क उडाली असती तर एवढ्या दिवसांची बिलं कागदावरून पुन्हा भरावी लागली असती, ती सुद्धा कागद सापडले तर. ताई अजून तिथेच आहेत, पण शेठच्या मनातलं त्यांना कुठून तरी कळलंच. नंतर मी गेलो तेव्हा चहा त्यांनीच आणला, पण पूर्वीसारख्या गप्पा नव्हत्या.

दुसरी गोष्ट, फुकटच्या गेमची. ज्या गेमला पैसे लागतात तो "क्रॅक" करून टाकायचा असेल तर सूचना ठरलेली असते, आधी अँटिव्हायरस बंद करा. ज्या कॉम्प्युटरला डीएससीचा टोकन लागलेला असतो, ज्याच्या ब्राउझरमध्ये बँकेचा पासवर्ड सेव्ह आहे, जिथे सगळ्या गिऱ्हाइकांची उधारी आहे, तिथे कोणी अनोळखी माणूस म्हणतो पहारेकरी घरी पाठवा, आणि आपण पाठवतो! अशा फायलींतून काय काय आत येतं ते रॅन्समवेअर आलेल्या कोणालाही विचारा. आणि असा गेम वर यादीतूनही लपवला, तर उद्या कॉम्प्युटर दुरुस्त करणारा साफसफाई करताना तोच नेमका सुटतो.

शेठ लोकांसाठीही थोडं. काही जण विचारतात की यादीचं पानच स्टाफला दिसणार नाही असं करता येतं का. येतं. विंडोज प्रो असेल तर ग्रुप पॉलिसीमध्ये "प्रोग्रॅम्स अँड फीचर्स" पान लपवायची सोय आहे, होम आवृत्तीत ग्रुप पॉलिसीचा एडिटर मिळत नाही. पण त्याने साधतं काय? जो बघून "शेठ, इथे हे काय आलंय" म्हणाला असता त्याचेच डोळे तुम्ही झाकले. तुमची काळजी जर अशी असेल की कोणी अँटिव्हायरस किंवा बॅकअपचं सॉफ्टवेअर काढून टाकेल, तर त्याच चिठ्ठीत "नो रिमूव्ह" ही किंमत १ करतात. नाव दिसतं, काढायचं बटण मिळत नाही. हे मला चालतं, कारण ह्यात खोटं काही नाही. कपाटाला कुलूप आहे आणि कपाट सगळ्यांना दिसतंय. अर्थात ॲडमिन असलेला माणूस ते कुलूपही काढू शकतो, म्हणून पुढचं जास्त महत्त्वाचं.

करायचं ते एवढंच आहे की प्रत्येकाचं अकाउंट वेगळं. सेटिंग्ज, अकाउंट्स, अदर युजर्स, तिथून नवीन अकाउंट, आणि त्याचा प्रकार "स्टँडर्ड युजर". ॲडमिनचा पासवर्ड मालकाकडे, आणि मालकानेही रोजच्या कामाला स्टँडर्डच वापरावं. मुलाला स्वतःचं अकाउंट द्या आणि टॅलीच्या डेटाच्या फोल्डरला त्याला परवानगी ठेवू नका. ह्याने सगळं थांबतं का? नाही. काही प्रोग्रॅम ॲडमिन न मागता युजरच्या स्वतःच्या फोल्डरमध्ये बसतात, पेनड्राइव्हवरचे तर चालतातच. पण ज्याने टाकलं त्याच्याच अकाउंटमध्ये ते सापडतं, आणि मला विचाराल तर अर्धं भांडण तिथेच मिटतं. ताईंच्या बाबतीत एवढं असतं तर शेठना कोणावर संशय घ्यायची वेळच आली नसती.

आणि एक गोष्ट जी सेटिंग्जमध्ये नाही. स्टाफशी बोला. जेवणाच्या सुट्टीत अर्धा तास कोणी पत्ते लावले तर तुमचं काय जातं? त्याच अर्ध्या तासात ते फोनवर रील बघणारच आहेत. "एक ते दीड खेळा, सॉलिटेअर चालेल, बाहेरून काही टाकायचं नाही, पैसे लावायचे गेम तर अजिबात नाही" असं चार माणसांत एकदा सांगितलं की लपवायचं कारणच उरत नाही. पैसे लावायच्या ऑनलाइन गेमवर तर ऑगस्ट २०२५ मध्ये संसदेने बंदीचा कायदाच मंजूर केलाय, तो विषय दुकानाच्या कॉम्प्युटरवर नकोच. ज्या मालकांना हे बोलायला अवघड वाटतं त्यांना मी विचारतो, चहाची वेळ ठरवताना अवघड वाटलं होतं का?

नोकरी करणाऱ्या मित्रांना एवढंच म्हणेन की शेठच्या मशीनवर तुम्ही गेम टाकला आणि तो नुसता सापडला, तर बोलणी खाल. लपवलेला सापडला, तर तुमचं बाकीचं चार वर्षांचं काम कोणी बघणार नाही, "अजून काय काय लपवलं असेल" हाच प्रश्न येईल. कॅश हाताळणाऱ्या माणसाला हा प्रश्न परवडत नाही. काढायचाच असेल तर आज संध्याकाळी सरळ अनइन्स्टॉल करा. आधी नाव झाकून ठेवलं असेल तर रजिस्ट्रीत जाऊन त्या १ चा ० करा, यादी पुन्हा उघडा, नाव परत दिसेल, मग काढा. रजिस्ट्रीत हात घालायच्या आधी फाइल मेन्यूतून एक्सपोर्ट घेऊन ठेवा, भलतीच चिठ्ठी बदलली तर परत आणता येते.

पुढच्या व्हिडिओत एका कॉम्प्युटरवर तीन स्टँडर्ड अकाउंट करून टॅलीचा डेटा फक्त दोघांनाच कसा उघडायचा ते करून दाखवतो. विंडोज १० आणि ११ दोन्हीवर. तोवर आज एक काम करा. "धिस पीसी" उघडा, सी ड्राइव्ह किती रिकामा आहे बघा, आणि टॅलीचा शेवटचा बॅकअप कुठल्या तारखेचा आहे तेही.